रडता रडता श्वास कोंडतो तेव्हा

दीड वर्षाच्या पोराच्या हातातून कात्री काढून घेतली की ते रडायला लागतं. पहिला हंबरडा, दुसरा, आणि तिसऱ्या वेळी तोंड नुसतं उघडं राहतं, आवाज काही येत नाही. ओठ जांभळट होतात, मग निळे. अंग ताठ होतं, पाठ मागे वाकते, हातापायांना एखाददुसरा झटका येतो आणि पोर आईच्या हातावर लुळं पडतं. घरात हलकल्लोळ. एक जण तोंडावर पाण्याचा हबका मारतो, शेजारीण कांदा फोडून नाकाशी धरते, कोणी पाठीत धपाटे घालतं, आजी मीठ-मोहऱ्या शोधायला धावते. एवढं होईस्तोवर पोराने एक खोल श्वास घेतलेलाही असतो. रंग परत येतो, आणि थोड्याच वेळात ते पुन्हा त्याच कात्रीसाठी हात पुढे करतं. मोठ्यांचे हातपाय मात्र संध्याकाळपर्यंत कापत राहतात.

डॉक्टर याला ब्रेथ होल्डिंग स्पेल म्हणतात. घरात म्हणताना ‘रडता रडता श्वास कोंडतो’, ‘दम धरतो’, ‘काळानिळा पडतो’ असं म्हणतात. हा काही दुर्मीळ प्रकार नाही. बोस्टनच्या लोंब्रोसो आणि लर्मन या डॉक्टरांनी १९६७ साली केलेल्या पाहणीत निरोगी मुलांपैकी ४.६ टक्क्यांना हे होतं असं आढळलं. सुरुवात बहुधा सहा महिने ते दीड वर्ष या वयात होते. कोणाला वर्षातून एखाद्या वेळी, कोणाला दिवसातून दोन-तीनदाही. चौथ्या-पाचव्या वर्षापर्यंत बहुतेकांचं आपोआप थांबतं. खोदून विचारलं तर बऱ्याच घरांत आजी सांगते, ‘याचा बापही असाच निळा पडायचा.’

उदाहरण म्हणून शेलू घेऊ. हे मध्य रेल्वेच्या कर्जत मार्गावरचं वांगणी आणि नेरळ यांच्या मधलं स्टेशन. वांगणी ठाणे जिल्ह्यात, शेलू रायगडात. अलीकडे गिरणी कामगारांच्या घरांच्या योजनेमुळे हे नाव वर्तमानपत्रांत झळकलं, पण त्याच्या आधीपासूनच इथे इमारती उठू लागल्या होत्या. मुंबई-ठाण्यात घर परवडत नाही म्हणून आलेली तरुण जोडपी त्यांत राहतात, आणि आजूबाजूच्या वाड्यांवर ठाकर आणि कातकरी कुटुंबं. मूल निळं पडलं की दोन्हीकडची धावपळ सारखीच. जवळ नेरळचं प्राथमिक आरोग्य केंद्र, पुढे कर्जतचं उपजिल्हा रुग्णालय. जिल्ह्याचं ठिकाण अलिबाग असलं तरी रेल्वेमुळे पावलं वळतात ती उल्हासनगर, कल्याण आणि शेवटी परळच्या वाडिया रुग्णालयाकडे. फरक एवढाच, की इमारतीतल्या जोडप्याजवळ ‘घाबरू नको, होईल नीट’ असं म्हणणारी आजी नसते. हातात मोबाइल असतो आणि त्यात नको ते सगळं वाचायला मिळतं.

पोर हट्टाने श्वास रोखून धरतं, असा मोठा गैरसमज आहे. त्यावरून कित्येक मुलांनी मार खाल्ला आहे. हट्ट रडण्यापुरता खरा. त्यापुढचं त्याच्या हातात नसतं. आपण बुडी मारताना छाती भरून श्वास घेतो आणि मग धरतो. रडणाऱ्या मुलाचं नेमकं उलट असतं. रडणं म्हणजे लांबलचक उच्छ्वास. छाती पूर्ण रिकामी झाली की त्याच टोकाला श्वास अडकतो. फुप्फुसांत शिल्लक काहीच नाही, आणि लहान मुलाच्या शरीराला वजनाच्या हिशेबाने प्राणवायू मोठ्या माणसाच्या सुमारे दुप्पट लागतो. त्यामुळे मोठा माणूस ज्या वेळात नुसता कासावीस होईल, तेवढ्यात मूल निळं पडतं. छातीतला दाब वाढल्याने हृदयाकडे परतणारं रक्त कमी होतं, मेंदूला पुरवठा अपुरा पडतो आणि शुद्ध हरपते. शुद्ध हरपली की रडणंही थांबतं, आणि मेंदूच्या तळाशी असलेलं श्वासाचं केंद्र कारभार पुन्हा आपल्याकडे घेतं. बहुतेक वेळा सगळा प्रकार एका मिनिटाच्या आत उरकतो. मेंदूला त्यातून इजा होत नाही, मूल पुढे मंद होत नाही, मिरगीही लागत नाही.

हे वर्णन नवं नाही. सतराव्या शतकातल्या निकोलस कल्पेपर या लंडनच्या वनौषधी-वैद्याने राग किंवा दुःख अनावर झालं की मुलांचा श्वास थांबतो आणि राग ओसरला की तो सुरू होतो, असं लिहून ठेवलं आहे. एवढं साधं निरीक्षण विज्ञानाने तपासून पाहायला तीनशे वर्षं गेली.

याचा एक भाऊबंद आहे, तो पांढरा. इथे रडणं फारसं नसतंच. मूल चालता चालता पडतं, डोकं उंबऱ्यावर आपटतं, एक हुंदका निघतो न निघतो तोच चेहरा पांढराफटक होतो आणि ते कोसळतं. निळ्या प्रकारात आधी श्वास अडतो. इथे आधी हृदय मंदावतं. अचानक दुखलं किंवा दचकलं की व्हेगस नावाची नस हृदयाला लगाम घालते आणि काही सेकंद ठोका चुकतो, कधी थांबतोही. लोंब्रोसो आणि लर्मन यांनी हे सिद्ध करायला एक उपाय केला, तो आज कोणी करू धजणार नाही: मुलांच्या बंद डोळ्यांवर काही सेकंद अंगठ्यांनी दाब देऊन ईसीजी काढला. डोळ्यावर दाब पडला की तीच नस चेतते हे माहीत होतं. पांढऱ्या पडणाऱ्या मुलांपैकी निम्म्याहून अधिक जणांच्या हृदयाचे ठोके दोन सेकंद किंवा त्याहून जास्त काळ थांबले. निळ्या पडणाऱ्यांत हे प्रमाण बरंच कमी होतं. ग्लासगोच्या जॉन स्टिव्हन्सन यांनी १९७८ मध्ये या पांढऱ्या प्रकारावर लिहिलं, तेव्हा त्यांचा रोख असा होता की ही मुलं मिरगीची नाहीत आणि त्यांना फिटची औषधं देण्यात अर्थ नाही.

हा मुद्दा आजही तितकाच खरा आहे. झटके दिसले की घरचे ‘आकडी आली’ म्हणतात. तेच डॉक्टरला सांगितलं जातं, आणि पोराला वर्षानुवर्षं फिटचं औषध सुरू राहतं. त्या औषधाने श्वास कोंडणं थांबत नाही. खरं निदान ईईजीच्या कागदापेक्षा आईच्या सांगण्यात असतं, फक्त तिला क्रम विचारायला हवा. आधी रडलं की आधी झटका आला? निळं आधी पडलं की झटक्यानंतर? श्वास कोंडण्याला दर वेळी काहीतरी निमित्त असतं: राग, मार, भीती, इंजेक्शन. मिरगीला तसं निमित्त लागत नाही, ती झोपेतही येते. श्वास कोंडणं झोपेत कधीच होत नाही. आजकाल घरात कोणी ना कोणी मोबाइलवर चित्रण करतं. त्या वेळी ते निर्दयपणाचं वाटलं तरी डॉक्टरच्या टेबलावर त्या अर्ध्या मिनिटाची किंमत मोठी. एकदा साधा ईसीजी मात्र काढून घ्यावा, विशेषतः पांढऱ्या प्रकारात किंवा घरात कोणी तरुणपणी अचानक गेलेलं असेल तर. हृदयाच्या विजेतला जन्मजात दोष, ज्याला लाँग क्यूटी म्हणतात, तो असाच वेष घेऊन येऊ शकतो.

त्या क्षणी करायचं काय? फारच थोडं. मुलाला एका कुशीवर आडवं करायचं, डोकं कशावर आपटणार नाही एवढं पाहायचं आणि थांबायचं. उभं धरून गदगदा हलवायचं नाही. त्याने मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो, आणि रक्ताला डोक्याकडे जायला आडवं अंगच सोयीचं. तोंडात बोट, चमचा, पाणी काही घालायचं नाही. चप्पल आणि कांदा हुंगवून काही बिघडत नाही, पण पोर शुद्धीवर आलं याचं श्रेय त्यांना देऊ नये. ते येणारच होतं. तोंडात शेंगदाणा किंवा फुटाणा असताना मूल निळं पडलं, तर मात्र गोष्ट पूर्ण वेगळी. तो घशात अडकल्याचा प्रकार, तिथे पाठीवर थापा मारायच्याच आणि १०८ ला फोन करायचा. मूल उठल्यावर त्याला कात्री देऊन टाकायची नाही, हेही तितकंच महत्त्वाचं. नाहीतर अख्खं घर त्याच्या रडण्याच्या धाकात जगायला लागतं. ही मुलं हुशार असतात, त्यांना हे चटकन कळतं.

आता लोहाबद्दल. या विषयातली सगळ्यात नवलाची गोष्ट हीच, आणि आपल्याकडे सगळ्यात दुर्लक्षित. श्वास कोंडणाऱ्या मुलांच्या रक्तात हिमोग्लोबिन कमी असतं, हे अमेरिकेतल्या होलोवाक आणि थर्स्टन यांनी १९६३ मध्येच नोंदवलं होतं. पण त्याची नीट परीक्षा झाली १९९७ मध्ये, जॉर्डनमध्ये. तिथल्या डॉक्टरांनी ६७ मुलांचे दोन गट केले. एकाला १६ आठवडे लोहाचं औषध, दुसऱ्याला तसंच दिसणारं पण लोह नसलेलं. लोह मिळालेल्यांपैकी जवळपास ८८ टक्के मुलांचं श्वास कोंडणं पूर्ण थांबलं किंवा निम्म्याहून कमी झालं. दुसऱ्या गटात तसं सहा टक्क्यांचंच झालं. लोह कमी पडलं की रक्ताची प्राणवायू वाहण्याची ताकद घटते, हे उघड कारण. शिवाय मज्जासंस्थेच्या रसायनांनाही लोह लागतं. म्हणून हिमोग्लोबिन ठीक असलेल्या काही मुलांनाही त्याचा गुण येतो.

महाराष्ट्रात हे किती लागू पडतं ते २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत दिसतं. सहा महिने ते पाच वर्षांच्या मुलांमध्ये रक्तक्षयाचं प्रमाण राज्यात ६८.९ टक्के निघालं. त्याआधीच्या पाहणीत ते ५३.८ टक्के होतं. दहातली सात मुलं. शेलूच्या इमारतीतलं मूल असो की वाडीवरचं, कारणं थोडी वेगळी पण पोचण्याची जागा एकच. वाडीवर आईच्याच अंगात रक्त कमी, त्यामुळे बाळ जन्मतःच लोहाचा साठा कमी घेऊन येतं. इमारतीत दोन वर्षांपर्यंत दुधाच्या बाटल्यांवर बाटल्या. गाई-म्हशीच्या दुधात लोह जवळजवळ नसतं, आणि पोट भरल्यामुळे पोर भाकरी-भाजीला शिवत नाही. दोन्हीकडे बशीतल्या चहात बुडवलेलं बिस्किट आहेच. चहा जेवणातलं लोह अंगी लागू देत नाही. नाचणीची पेज, हळीव, राजगिरा, शेवग्याचा पाला, थोडी सुकट आणि वर लिंबाचे चार थेंब, हे कर्जत-खालापुरात न मिळण्यासारखं नाही. पण एकदा साठा रिकामा झाला की नुसत्या आहाराने तो भरून यायला फार वेळ लागतो.

त्यासाठी सरकारचं एक औषध दाराशी येतं. २०१८ पासूनच्या ॲनिमियामुक्त भारत कार्यक्रमात सहा महिने ते पाच वर्षांच्या प्रत्येक मुलासाठी लोह आणि फॉलिक ॲसिडच्या सिरपची ५० मिलिलिटरची बाटली ठरलेली आहे. आठवड्यातून दोनदा एक-एक मिलिलिटर, त्यात २० मिलिग्रॅम लोह. आशाताई ती देऊन जातात. मग शौचाला काळी झाली, दातांवर डाग पडला, अशी कुरकूर होते आणि बाटली फळीवर जाऊन बसते. शौचाचा काळा रंग हा लोहाचाच असतो, त्याने काही बिघडत नाही. श्वास कोंडणाऱ्या मुलाला उपचाराचा डोस याहून मोठा लागतो, तो मुलाच्या वजनावरून डॉक्टरने ठरवायचा. बाटली मुलाच्या हाताला लागणार नाही अशी ठेवायची. लोहाचं सिरप एकदम ढोसलं तर ते विष आहे.

आतापर्यंतचं सगळं आवाजाचं, आरडाओरडीचं. खरा धोका असलेली श्वासाची विश्रांती बहुतेक वेळा आवाज न करता येते, आणि ती येते त्याहून लहान वयात.

गर्भात बाळ श्वासाचा सराव करत असतं, हे ऐकून पुष्कळांना नवल वाटतं. हवा नसते, छाती मात्र हलते. अकराव्या आठवड्याच्या सुमाराला ही हालचाल दिसायला लागते आणि शेवटच्या तीन महिन्यांत ती दिवसाच्या सुमारे तिसऱ्या हिश्शात चालू असते. बाकी वेळ बंद. म्हणजे मधूनमधून थांबणारा श्वास हा आपल्या सगळ्यांचा मूळचा श्वास. त्याहून विचित्र गोष्ट अशी, की प्राणवायू कमी पडला की मोठं माणूस धापा टाकतं, आणि गर्भ श्वासाची हालचाल थांबवतो. त्याच्या दृष्टीने ते शहाणपणाचं असतं. प्राणवायू नाळेतून येतो; पाण्यात छाती हलवून शक्ती का घालवायची?

पूर्ण दिवसांचं बाळ जन्मल्यावर ही जुनी सवय मागे टाकतं, पण एका दिवसात नाही. झोपलेल्या तान्ह्या बाळाकडे पाहत बसलं तर ते दहा-पंधरा भराभर श्वास घेतं, मग पाच-दहा सेकंद गप्प, मग पुन्हा भराभर. पहिलटकरीण या गप्प क्षणी बाळाच्या नाकाशी बोट धरते. रंग गुलाबी असेल तर यात घाबरण्यासारखं काही नाही. बाळ झोपेत हसतं, ओठ मुडपतं, कपाळाला आठ्या घालतं, तेव्हा ‘सटवाई हसवते’ असं आपण म्हणतो. झोपेचा तो प्रकार, ज्यात डोळे पापण्यांखाली फिरतात, नवजात बाळाच्या झोपेचा जवळजवळ अर्धा भाग व्यापतो. आणि श्वासाची लय सर्वांत जास्त बिघडते तीही त्याच झोपेत. सटवाईच्या हसवण्यात आणि श्वासाच्या अडखळण्यात हा संबंध आहे.

अपुऱ्या दिवसांच्या बाळाचं तसं नाही. आठव्या महिन्यात किंवा त्याआधी जन्मलेल्या बाळाचा मेंदू अजून गर्भाच्याच हिशेबाने चालतो. प्राणवायू घटला की तो क्षणभर श्वास वाढवतो आणि मग चक्क थांबवतो. वीस सेकंदांहून लांब थांबा, किंवा त्याहून लहान पण हृदय मंदावणारा, रंग बदलणारा थांबा, याला ॲप्निया म्हणतात. अठ्ठावीस आठवड्यांच्या आत जन्मलेल्या जवळजवळ सगळ्या बाळांना तो होतो. अतिदक्षता विभागात नर्सने बाळाच्या तळपायाला टिचकी मारली की अनेकदा श्वास सुरू होतो. आठवण करून दिल्यासारखा. औषध म्हणाल तर कॅफीन, आपल्या कॉफीतलं. कॅनडाच्या बार्बरा श्मिट आणि सहकाऱ्यांनी अनेक देशांतली २००६ बाळं घेऊन त्याची परीक्षा केली आणि निष्कर्ष छापले तेही २००६ मध्ये, हा निव्वळ योगायोग. कॅफीनने श्वास सुधारला, व्हेंटिलेटरवरचे दिवस घटले.

पण ज्या बाळाने जन्मतः पहिला श्वासच घेतला नाही, त्याचं काय? याचं उत्तर महाराष्ट्राने शोधलं आहे, आणि मुंबईच्या कुठल्या रुग्णालयात नव्हे, गडचिरोलीत. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेने १९९० च्या दशकात ३९ गावांत ‘आरोग्यदूत’ नेमले. गावातल्याच, थोडं शिकलेल्या बायका. त्यांना न रडलेल्या बाळाला मास्कने हवा कशी द्यायची, ते शिकवलं. डॉक्टरांव्यतिरिक्त कोणी हे करू नये, असं तेव्हा मानलं जाई. १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये निष्कर्ष आले: तिसऱ्या वर्षी त्या गावांतले नवजात मृत्यू तुलनेच्या गावांपेक्षा ६२ टक्क्यांनी कमी. त्यात जंतुसंसर्गावरच्या उपचारांचाही मोठा हात होता. त्याआधी बंग दांपत्याने निरक्षर सुईणींसाठी एक श्वासमोजणी यंत्र बनवलं होतं. एका मिनिटाची वाळूची घडी आणि तारेत ओवलेले मणी. दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. वाळू संपायच्या आत लाल मणी सरकला, तर न्यूमोनिया. मोठे आकडे न येणारी सुईणही त्याने बहुतेक वेळा बरोबर निदान करत असे.

२०११ मध्ये नवजात बाळाची घरी येऊन काळजी घेण्याची ही पद्धत केंद्र सरकारने देशभर नेली. आज आशाताई तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी घरी येऊन घड्याळ लावून बाळाचे श्वास मोजते, ती याच गडचिरोलीच्या शाळेतली. शेलूच्या सोसायटीत वॉचमन तिला फाटकाशी अडवतो तेव्हा हे त्याला ठाऊक नसतं.

थांबलेल्या श्वासाची भीती विज्ञानालाही एकदा भोवली. अमेरिकेत आल्फ्रेड स्टाइनश्नायडर यांनी १९७२ मध्ये असा लेख लिहिला, की झोपेत अचानक दगावणारी बाळं आधीपासून लांब ॲप्निया दाखवतात आणि हा दोष कुटुंबात वाहतो. पुरावा म्हणून एकाच घरातली दोन भावंडं होती. त्यांच्या आधीची तीनही गेलेली. या लेखावर घरगुती श्वास-मॉनिटरचा मोठा धंदा उभा राहिला. १९९५ मध्ये त्या पाचही मुलांच्या खुनासाठी त्यांची आई वॉनेटा हॉइट दोषी ठरली. ॲप्निया नव्हताच. पुढे २००१ मध्ये हजाराहून अधिक बाळांवर घरी मॉनिटर लावून पाहिलं, तर पूर्ण दिवसांच्या निरोगी बाळांपैकी ४३ टक्के बाळांनी एकदा तरी घंटा वाजेल इतका थांबा घेतला होता. बाळाच्या पायात घालायचे श्वास-मोजे आज मोबाइलवरून मागवता येतात. त्या पैशात काय येईल ते प्रत्येकाने पाहावं, पण त्यांनी झोपेतले मृत्यू टळल्याचा पुरावा नाही. बाळाला उताणं झोपवण्याने मात्र पाश्चात्त्य देशांत असे मृत्यू निम्म्याहून खाली आले. आपल्याकडची एक गोष्ट सांभाळायची, ती झोळी. नवव्या महिन्याआधी जन्मलेलं किंवा अगदी लहान वजनाचं बाळ खोल झोळीत ठेवलं की हनुवटी छातीवर टेकते आणि श्वासाची वाट अरुंद होते. सपाट गादी बरी. किंवा आईच्या उघड्या छातीवर उभं बांधलेलं, कांगारू पद्धतीने. शेगडीवर ओवा-धूप टाकून खोली धुराने भरणं आणि नाकात तेल सोडणं, या दोन्ही गोष्टी बाळंतिणीच्या खोलीतून जायला हव्यात.

सहा महिन्यांच्या आतलं बाळ न रडता निळं पडलं, तर त्याला श्वास कोंडण्याच्या यादीत घालू नये. डांग्या खोकला दोन महिन्यांच्या बाळात ‘हुप्प’ आवाज न करता नुसता श्वास थांबवून येतो. म्हणून दीड, अडीच आणि साडेतीन महिन्यांची पेंटाव्हॅलंट लस वेळेवर. दूध पिताना ओठ निळे होणं, मिनिटाला साठच्या पुढे श्वास, बरगड्या आत ओढल्या जाणं, अंग गार आणि बाळ मलूल, यातलं काहीही दिसलं तर रात्रीची शेवटची कर्जत लोकल गेली असली तरी सकाळची वाट पाहायची नाही. हीच गोष्ट मोठ्या मुलाची: रंग परतल्यावरही ते भानावर येत नसेल, किंवा एक मिनिट उलटूनही श्वास आला नसेल, तर.

आणि निळं-पांढरं पडणारं पोर मोठं झाल्यावर? निळेपणा सहसा मागमूस न ठेवता जातो. पांढऱ्या पडणाऱ्यांपैकी काही जण पुढे शाळेच्या प्रार्थनेत उन्हात उभे असताना, रक्त तपासायला सुई टोचताना किंवा कोणाच्या जखमेकडे पाहताना भोवळ येऊन पडतात. व्हेगस तीच, फक्त आता डोकं उंबऱ्यावर आपटावं लागत नाही. अशा मुलाचं रक्त काढताना त्याला आडवं झोपवावं, आणि लहानपणीची ही हकीकत आईने सुई टोचणाऱ्याला आधी सांगून ठेवावी.